‘पैकी धनगरवाडा’: डोंगरावरची माणसं खाली का येत नाहीत?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. गावाच्या डोक्यावर, दोन तासांच्या चढणीवर गवळी धनगरांची बारा-पंधरा घरं आहेत. रस्ता नाही, वीज नाही, आजारी माणूस झोळीत घालून खाली आणावा लागतो. पंचायतीनं गावठाणाजवळ जागा दाखवली तरी ते उतरायला तयार नाहीत. वनहक्काचा दावा केला होता, तो पुरावा नाही म्हणून फेटाळला. मग ‘यांना मागासच राहायचं आहे का, आणि आता पुढे काय करता येईल?’

मी पशुधन खात्यात सव्वीस वर्षं काढली आणि त्यातली बहुतेक कोल्हापूर-साताऱ्याच्या घाटमाथ्यावर गेली. बर्फाचा डबा खांद्याला लावून घटसर्पाची लस टोचायला जितक्या वाड्यांवर चढलो, तितक्यांची नावं आता आठवतही नाहीत. निवृत्तीनंतर दाव्यांचे कागद लिहून द्यायला बसतो. तेव्हा प्रश्नाच्या दोन्ही टोकांना माझा थोडाफार हात लागलेला आहे. उत्तर लांबेल.

आधी एक करा. त्या वाड्यातल्या कुणाचंही रेशनकार्ड मागून घ्या आणि पत्ता वाचा. ‘अमुक गाव पैकी धनगरवाडा’ असं लिहिलेलं सापडेल. आपल्या भागात हा ‘पैकी’ इतका अंगवळणी पडलाय की तो कुणाच्या डोळ्यांत खुपत नाही. पण शब्द नीट बघा. गाव तुमचं, ते त्यापैकी. गावठाण, गावनकाशा, सातबारा, घरफाळा, सगळं खालच्या गावाचं. वरची घरं त्या हिशेबातली बाकी. सरकार आणि हा वाडा यांच्यात गेली दीडशे वर्षं जे झालं त्यातलं बरंचसं या एका शब्दात आहे, आणि तुमचा फेटाळलेला दावाही त्यातच अडकलाय.

एक घोळ सुरुवातीलाच मिटवतो, कारण तो कार्यालयांमध्येही होतो. धनगर म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे फलटण-माण-खटावकडून दिवाळीनंतर कोकणात उतरणारी मेंढरं, घोड्यावर लादलेला संसार, खांद्यावर घोंगडं येतं. तो मेंढपाळ धनगर. तुमच्या डोंगरावरचा आहे गवळी धनगर. त्याच्याकडे मेंढरू नाही, म्हैस आहे. तो गावोगाव फिरत नाही. माथ्यावरच राहतो आणि पूर्वी फार तर एका सड्यावरून, म्हणजे माथ्यावरच्या खडकाळ पठारावरून, दुसऱ्या सड्यावर वाडा हलवायचा. रायगडपासून सिंधुदुर्गापर्यंत, पुढे गोव्यात आणि कर्नाटकात हल्याळ-यल्लापूर-मुंडगोडपर्यंत हे लोक पसरलेत, आणि तिकडेही घरात बोलतात ती मराठीच. सरकारी यादीत मात्र दोघंही भटक्या जमाती (क) मध्ये. त्यामुळे गंमत अशी होते की धनगरांसाठी योजना निघते ती वीस मेंढ्या आणि एका नराची, आणि साडेतीन-चार हजार मिलिमीटर पावसाच्या माथ्यावरचा माणूस अर्ज हातात घेऊन मला विचारतो, ‘सायेब, ही मेंढरं हितं जगत्याली व्हय?’ नाही जगणार. पावसाळ्यात खूर कुजतील आणि जंतांनी मरतील.

आता तो माणूस वर का गेला ते बघू. पर्यावरणशास्त्रज्ञ माधव गाडगीळ आणि मानवशास्त्रज्ञ कैलाश मल्होत्रा यांनी या समाजाचा सविस्तर अभ्यास केला होता आणि त्यांचं मुख्य निरीक्षण माझ्या अनुभवाशी जुळतं. खोऱ्यातल्या कुणब्यांनी खालची भातखाचरं धरली, गवळ्यांनी माथा धरला. कुणबी शिकार करायचा, गवळी सहसा करत नसे. त्याच्या घरात ताक होतं. वर तो नाचणी-वरीपुरती कुमरी मारायचा, म्हणजे रान तोडून-जाळून दोन-तीन वर्षं पिकवायचं आणि जागा सोडून द्यायची. लोणी घेऊन खाली उतरायचं, धान्य घेऊन वर चढायचं. एकाच डोंगराचे दोन मजले, आणि दोघांचं एकमेकांवाचून अडायचं. जमिनीची मालकी कुणाची हा प्रश्न रोजच्या व्यवहारात येतच नव्हता. खालच्या पाटलाला किंवा इनामदाराला वर्षाचं तूप पोचलं की झालं.

इंग्रजांचं सरकार या माणसाला पहिल्यांदा भेटलं ते बहुधा कोंडवाड्याच्या रूपात. १८७१ चा गुरांच्या अतिक्रमणाचा कायदा आला आणि चुकलेली म्हैस सोडवायला पैसे मोजावे लागले. पाठोपाठ १८७८ चा वन कायदा. राखीव जंगलाच्या हद्दी पडल्या, कुमरीला बंदी आली, चराईला पास आणि फी आली. वनखात्याला हवं होतं लाकूड. त्याच्या वहीत झाडाला किंमत होती, गवताला जेमतेम आणि लोण्याला काहीच नाही. तिथपासून वरच्या माणसाचं रोजचं जगणं, म्हणजे म्हैस सोडणं, पाला तोडणं, उन्हाळ्यात गवत जाळणं, हे सगळं एकतर सवलत झालं किंवा गुन्हा. हक्क ते कधीच नव्हतं.

स्वातंत्र्यानंतर चित्र पालटायला हवं होतं. कूळकायदा आला, १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरला, कसेल त्याची जमीन झाली. पण कसेल त्याची. चारेल त्याची असं कुणी म्हणालं नाही. पीकपाहणीच्या रकान्यात नाव चढलं ते नांगर धरणाऱ्याचं. सड्यावर आजोबा-पणजोबांपासून म्हशी चारणाऱ्याचं नाव चढायला तलाठी सड्यावर जायला तर हवा. पुढे १९७५ साली खाजगी वनं सरकारजमा करण्याचा कायदा आला. डोंगराचे मोठे पट्टे एका रात्रीत मालकाकडून सरकारकडे गेले. ज्याच्याशी तोंडी व्यवहार होता तो मालकच राहिला नाही आणि नव्या मालकाशी तोंडी व्यवहार चालत नाही.

कोयनेकडे तर अजून एक घाव बसला. शिवसागराचं, म्हणजे कोयना धरणाच्या जलाशयाचं, पाणी खोऱ्यात चढलं तेव्हा बुडाली ती खालची गावं. ती उठली, लांब वसवली गेली. वरचे अनेक वाडे बुडाले नाहीत, म्हणून धरणग्रस्तांच्या यादीत आले नाहीत. पण ज्यांच्या दारात लोणी उतरायचं ती दारंच गेली. पाणी अंगाला लागलं नाही तरी माणूस बुडू शकतो, हे कुठल्या नमुन्यात भरायचं? नंतर १९८५ मध्ये कोयना आणि चांदोली अभयारण्यं जाहीर झाली, २००४ मध्ये चांदोली राष्ट्रीय उद्यान, २०१० मध्ये दोन्ही मिळून सह्याद्री व्याघ्र प्रकल्प, २०१२ मध्ये युनेस्कोच्या यादीत पश्चिम घाट. प्रत्येक वेळी हद्द नव्यानं आखली, आणि त्या नकाशावर ठिपका होता खालच्या गावाचा.

एक शब्द इथेच सांगून टाकतो, कारण तो तुमच्याही तोंडी असणार. चराईबंदी. राळेगणच्या पंचसूत्रीत तो आहे, आदर्श गावांच्या प्रत्येक भाषणात आहे, आणि नगर जिल्ह्याच्या पाचशे मिलिमीटरच्या मुलखात तो योग्यच होता. तिथे उघडं माळरान होतं, गवताला उसंत हवी होती. पण हाच मंत्र आपण घाटमाथ्यावर नेला, जिथे त्याच्या सात-आठ पट पाऊस पडतो आणि चरणारं जनावर थांबलं की सड्यावर दोन-चार वर्षांत रानमोडी आणि कारवीची दाटी होते. मी असं म्हणत नाही की गुरांनी नुकसान होत नाही. वाड्याभोवतीचा अर्धा मैल रान खरवडून निघालेलं असतं, पाल्यासाठी झाडं बोडकी केलेली असतात, हे मी डोळ्यांनी पाहिलंय आणि तोंडावर बोललोही आहे. पण किती म्हशी, कुठल्या महिन्यात, कुठल्या सड्यावर, असा हिशेब करण्याऐवजी एक शब्द लावून मोकळं होणं सोपं पडतं.

आता माझ्या खात्याकडे येतो, कारण सरकार म्हणजे फक्त जंगलखातं नव्हे. आम्ही तर चांगलं करायला गेलो होतो.

‘दुधाचा महापूर’ ही सरकारी योजना गावोगावच्या डेअरीपर्यंत पोचली तेव्हा आम्ही वर जाऊन सांगितलं, लोणी काय घुसळत बसता, दूध घाला, रोख पैसा मिळेल. ऐकायला बिनतोड. आता गणित बघा. वरची गावठी म्हैस दिवसाला तीन लिटर देते, चार दिले तर मालक खूश. फॅट मात्र सात-आठ लागते. दहा दुभत्या म्हशी असतील तर रोज तीस लिटर. ते तीस लिटर दोन तास उतरून सकाळच्या वेळेत डेअरीवर पोचलं पाहिजे. उन्हाळ्यात वाटेत हिसळून आंबतं. पावसात मधला ओढा भरला की त्या दिवशीचं दूध म्हशीलाच परत पाजा. आणि हे रोज. एखादा तरुण गडी सकाळचे चार तास फक्त किटल्या वाहण्यात घालवतो.

तेच तीस लिटर घरी विरजलं, घुसळलं, कढवलं तर दोन किलो तूप होतं. आठवड्याचं चौदा किलो. ते टिकतं, सांडत नाही, ओढा उतरेपर्यंत थांबतं. डोंगरातून उतरायचं तर माल हलका आणि टिकाऊ हवा हे त्या लोकांनी कधीच ओळखलं होतं. आम्ही त्यांना जड आणि नासका माल वाहायला लावला आणि त्याला सुधारणा म्हणालो.

याहून मोठी गोष्ट मला कळायला दहा वर्षं लागली. दूध खाली गेलं की घरातलं ताक संपतं. तूप विकलं तरी ताक घरातच राहायचं. पोरं नाचणीच्या भाकरीबरोबर वाडगंभर प्यायची. शिकार न करणाऱ्या, डाळ फारशी न पिकवणाऱ्या घरातली प्रथिनं म्हणजे ते ताक. दुधाचे पैसे आले त्यातून चहा, साखर आणि बिस्किटाचे पुडे वर चढले. आमच्या वार्षिक अहवालात संकलन किती लिटरनं वाढलं ते होतं. ताकाचा रकाना नव्हता.

मग आला मुऱ्हा. जास्त दुधाची जात, अनुदानावर. पाचशे किलोच्या वरचं धूड, रोज तीस-चाळीस किलो हिरवा चारा मागणारं. निसरड्या जांभ्याच्या उतारावर ते जनावर एकदा घसरलं की उठत नाही. एका वाड्यावर योजनेतून आलेल्या अशा दोन म्हशी पहिल्याच श्रावणात गेल्या, आणि कर्ज मात्र राहिलं. ती शिफारस माझ्या सहीची होती. गावठी म्हैस लहान असते, खूर कठीण असतात, जांभळीच्या पाल्यावरही वेळ काढते आणि संध्याकाळी हाक न मारता वाड्यावर येते, हे गुण आमच्या तक्त्यात ‘कमी उत्पादक’ या एका शब्दात बसवले होते. कृत्रिम रेतनाचं तर विचारूच नका. म्हैस मुकी माजावर येते, आलेली कळेपर्यंत अर्धा दिवस जातो, खाली निरोप आणि वर माणूस पोचेपर्यंत वेळ निघून गेलेली असते. वरच्या माणसाला त्याचा चांगला गावठी रेडा हवा होता. आम्ही रेडे खच्ची करत सुटलो होतो.

आज तर अशी स्थिती आहे की म्हशीच्या कानात बारा आकडी बिल्ला आहे, तिच्या मालकाच्या खिशात बारा आकडी आधार आहे, आणि दोघं ज्या छपराखाली झोपतात त्या घराला नंबर नाही. (छप्पर एकच असतं हे तुम्ही पाहिलं असेल. कारवीच्या कुडाचं घर, एका बाजूला म्हशी, दुसऱ्या बाजूला चूल. पावसाळ्यात म्हशींच्या उबेवर माणसं झोपतात. आमचे एक वरिष्ठ हे बघून ‘अनारोग्य’ असा शेरा मारून गेले. जूनमध्ये आले असते तर तेही म्हशीला टेकूनच बसले असते.)

तर ते खाली का येत नाहीत?

पहिलं कारण सोपं आहे. गावठाणाजवळ दाखवलेली जागा दोन गुंठे असते. दोन गुंठ्यांत माणूस राहील, आठ म्हशी कुठे बांधणार? चारायच्या कुठे? तुमच्या गावाचं गायरान आता किती उरलंय ते तुम्हीच बघा. खाली आलेली जी घरं मी पाहिली, त्यांच्यात पहिल्या वर्षी घरावर स्लॅब टाकला आणि दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी म्हशी विकल्या गेल्या. बाप गावात मजुरीला, पोरगा मुंबईला हॉटेलात.

पण सगळेच वर राहू इच्छितात असं समजू नका. ही चूक आमच्यासारखे धनगरवाड्यांवर प्रेम करणारे लोक फार करतात. बायकांना विचारा, आणि पुरुष बाजूला गेल्यावर विचारा. बाळंतपणाची झोळी त्यांनी पाहिलेली असते. वरच्या पोराला आता मुलगी मिळत नाही. चौथीनंतर शाळेसाठी नातेवाइकांकडे किंवा आश्रमशाळेत पाठवलेलं पोर परत येऊन म्हशीमागे जात नाही, आणि त्यानं जावं असं मीही म्हणणार नाही. अनेक घरं उतरायला तयार आहेत. पण मग अडतं कुठे?

ते मला एका म्हाताऱ्यानं सांगितलं. वाड्याच्या जोत्यावर बसून, तंबाखू मळत. ‘सायेब, आमी उतरलू की हितं कोन हुतं ह्येला काय पुरावा? वर हाय तवर निदान डोळ्याला दिसतू तरी.’ त्या दिवसानंतर मी ‘खाली या’ हे शब्द तोंडातून काढलेले नाहीत. ज्याचा सातबारा आहे तो माणूस गाव सोडून मुंबईला गेला तरी त्याची जमीन राहते. ज्याची एकमेव नोंद म्हणजे त्याचं तिथे असणं, तो उठला की नोंद पुसली. व्याघ्र प्रकल्पातल्या पुनर्वसनाचं कुटुंबामागे दहा लाखांचं पॅकेज २०२१ मध्ये पंधरा लाखांवर गेलं, पण यादीत नाव यायला आधी तिथे राहत असल्याचा कागद लागतो. म्हणजे वर राहायला कागद हवा, तसा खाली यायलाही हवा. तुमच्या पंचायतीनं क्रम उलटा लावलाय. आधी वरचा हक्क लिहून होऊ द्या, मग कोण उतरतं आणि कोण राहतं हे त्यांचं त्यांना ठरवू द्या.

यावरून दाव्याकडे. हा भाग नीट वाचा.

२००६ च्या वनहक्क कायद्यात अनुसूचित जमातीच्या दावेदाराला १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून तिथे असल्याचं दाखवावं लागतं. धनगर महाराष्ट्रात अनुसूचित जमातीत नाहीत, ‘धनगर की धनगड’ हा वाद कोर्टापर्यंत जाऊनही सुटलेला नाही. म्हणून ते ‘इतर पारंपरिक वननिवासी’ ठरतात आणि त्यांना त्या तारखेआधीच्या तीन पिढ्या, म्हणजे पंचाहत्तर वर्षं, म्हणजे १९३० पासूनचं वास्तव्य दाखवावं लागतं. आरक्षणाची भांडणं टीव्हीवर नोकऱ्यांबद्दल चालतात. डोंगरावर त्याचा अर्थ हा आहे. तिकडे हिमाचलातल्या गद्दी मेंढपाळांकडे इंग्रजांच्या काळापासूनचे चराईचे परवाने तरी आहेत. आपल्याकडे बहुतेक सगळं तोंडी.

तुमच्या वाड्याचा दावा ‘१९३० पूर्वीचा महसुली पुरावा नाही’ म्हणून फेटाळला असेल तर तो आदेश कच्चा आहे. पंचाहत्तर वर्षांची अट वास्तव्याची आहे, त्या विशिष्ट तुकड्याच्या कब्जाची नव्हे. आणि कुठलाही एकच ठरावीक कागद आणा असा हट्ट दावे तपासणाऱ्या समितीला धरता येत नाही. २०१२ च्या दुरुस्त नियमांत हे स्पष्ट लिहिलंय. नियम १३ मधल्या पुराव्यांपैकी दोन पुरेत. त्यात गॅझेटिअर आहे, जनगणना आहे, वनखात्याच्या कार्ययोजना आहेत, वंशावळ आहे, विहीर-दफनभूमी-देवस्थानासारख्या खुणा आहेत आणि दावेदार सोडून इतर वडीलधाऱ्यांचे लेखी जबाब आहेत. सातारा आणि कोल्हापूरची जुनी गॅझेटिअरं १८८५-८६ ची आहेत. त्यांतलं धनगरांचं वर्णन जोडा, पण तेवढ्यावर थांबू नका, कारण त्यात तुमच्या वाड्याचं नाव असण्याची शक्यता कमी.

माझ्या अनुभवात सगळ्यात भक्कम कागद ठरतो दंडाची पावती. कोंडवाड्याची, चराई फीची, वणव्याच्या किंवा तोडीच्या गुन्ह्याची. त्यावर तारीख असते, बापाचं नाव असतं, रानाचं नाव असतं आणि ती खुद्द सरकारनं दिलेली असते. ट्रंकेच्या तळाशी, देवाच्या फडक्यात बांधून ठेवलेली सापडते. मात्र ज्या घरानं निमूट नियम पाळले, त्याच्याकडे काहीच नसतं. अशा घराला शेजाऱ्याच्या गुन्ह्यावर स्वतःचा हक्क उभा करावा लागतो, आणि मग ‘त्यांच्या बरोबरीनं राहत होते’ असा जबाब घ्यावा लागतो.

दुसरी चूक मला जवळजवळ प्रत्येक वाड्यावर दिसते. दावा फक्त घरापुरता आणि नाचणीच्या तुकड्यापुरता, वैयक्तिक नमुन्यात केलेला असतो. म्हैस त्या तुकड्यावर जगत नाही. कायद्याच्या कलम ३(१)(घ) मध्ये, म्हणजे इंग्रजी प्रतीतल्या ‘डी’ मध्ये, चराईचा सामूहिक हक्क सरळ लिहिलेला आहे, स्थायिक आणि फिरत्या दोन्ही पशुपालकांसाठी. त्यासाठी सामूहिक दाव्याचा वेगळा नमुना आहे. तो भरलाच गेला नसेल तर आजही भरता येतो; अभयारण्य किंवा राष्ट्रीय उद्यान असलं तरीही. पशुपालकांच्या दाव्याची पडताळणी ती माणसं हजर असतील अशा वेळीच करायची, हेही नियमात आहे. कुणी पावसाळ्यात खालून दुर्बीण लावल्यासारखी पाहणी करून ‘वस्ती आढळली नाही’ लिहिलं असेल तर त्यावर बोट ठेवा.

तिसरी अडचण तुमच्याशी, म्हणजे खालच्या गावाशी आहे. दाव्याला मंजुरी ग्रामसभेची. ग्रामसभा कुठे भरते? खाली, शाळेच्या पटांगणात. बाराशे मतदारांत वरचे साठ. आणि ज्या सड्यावर ते चराई मागतात तिथलं गवत, हिरडा, सरपण खालच्यांनाही हवं असतं. ठराव होत नाही किंवा गणसंख्याच भरत नाही. नियम २(क) नुसार नोंद नसलेल्या वस्त्यांची, पाड्यांची यादी पंचायतीनं करायची आहे आणि त्या त्या वस्तीची सभा घेऊन ती मंजूर करायची आहे. तुम्हाला खरंच काही करायचं असेल तर हे करा. वाड्याची वेगळी वस्ती म्हणून नोंद आणि वाड्यावरच ग्रामसभा. ‘पैकी’ तिथे सुटतो. कलम ३(१)(ज) खाली अशा वस्तीला पुढे महसुली गावाचा दर्जाही मागता येतो.

फेटाळल्याचा लेखी, कारणासह आदेश मागा. उपविभागीय समितीच्या निर्णयावर जिल्हा समितीकडे साठ दिवसांत दाद मागता येते. हे दिवस आदेश हातात पडल्यापासून मोजायचे असा आग्रह धरा, कारण बहुतेक वाड्यांना आदेश मिळालेलाच नसतो. पुरावा कमी वाटला तर दावा थेट नाकारण्याऐवजी ग्रामसभेकडे फेरविचाराला पाठवायला हवा होता, हेही अपिलात लिहा. आणि प्रक्रिया पूर्ण होईपर्यंत कुणालाही तिथून उठवता येत नाही, कलम ४(५).

एक अपवाद. वाडा ज्या सर्व्हे नंबरात आहे तो वन नसून अजून कुणाच्या मालकीचा निघाला तर हा कायदा लागू होत नाही. आधी सातबारा आणि गावनकाशा काढून खात्री करा. मालकीचा निघाला तर मालक बहुधा तुमच्याच गावातला असेल, आणि मग प्रश्न घाटमाथ्यावरचा न राहता तुमच्या चावडीवरचा होईल.

रस्त्याबद्दल एवढंच: ‘जंगल आडवं येतं, केंद्राची परवानगी लागते’ हे उत्तर अर्धं आहे. याच कायद्याच्या कलम ३(२) मध्ये तेरा सुविधांसाठी, त्यात रस्ता, विजेची तार, पाण्याची नळवाट, अंगणवाडी येतात, प्रत्येकी एक हेक्टरच्या आत वनजमीन ग्रामसभेच्या शिफारशीवर वळती करता येते. झाडं हेक्टरी पंचाहत्तरच्या आत. पाच मीटर रुंदीचा रस्ता धरला तर त्यात जवळजवळ दोन किलोमीटर बसतो. सौरदिव्याची योजना मात्र तूर्त नाकारा, किंवा बॅटरी बदलून द्यायची लेखी हमी घ्या. जूनपासून सप्टेंबरपर्यंत तिथे ऊन नसतं आणि खुंटीला टांगलेले मेलेले दिवे मी पुष्कळ पाहिलेत.

शेवटी कामाची एक पद्धत सांगतो. चराईचा दावा करताना नकाशापासून सुरुवात करू नका. वाड्यातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाबरोबर आणि एका बाईबरोबर चार दिवस म्हशींच्या मागे फिरा आणि वहीत फक्त जागांची नावं लिहा. प्रत्येक झऱ्याला, खडकाला, सड्याच्या कोपऱ्याला नाव असतं. चैत्रात कुठे, मृगात कुठे, पाणी कुठल्या महिन्यात आटतं, कुठल्या जागी कुणाची म्हैस वाघानं धरली, जुना वाडा कुठे होता, त्याचं जोतं कुठे दिसतं, आंबा कुणी लावला. मग तीच नावं वनखात्याच्या जुन्या नकाशात शोधा. मी बसलो त्या एका दाव्यात अकरा नावं जुळली. समितीतल्या वन अधिकाऱ्यानं चष्मा पुसून पुन्हा वाचलं आणि विचारलं, ‘ही नावं तुम्हाला कुठून मिळाली? आमच्या माणसांना माहीत नाहीत.’

जायचं तर मे संपायच्या आत जा. मृग लागला की ती वाट बंद होते, आणि म्हाताऱ्यांचं दरवर्षीचं सांगता येत नाही. वही प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवा. आणि जाताना खालच्या दवाखान्यातून घटसर्पाच्या लसीची चौकशी करून जा. तुम्ही वर पोचल्यावर पहिला प्रश्न तोच विचारतील.